शेतकऱ्याचे स्वयंपाकघर आणि परमुलखीचे पाहुणे

शेतात पिकलेले धान्य बाजारात नेऊन विकले की शेतकऱ्याचे कर्तव्य संपले, अशी समजूत आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली आहे. गहू अडत्याच्या काट्यावर चढला की त्याचा धन्याशी संबंध सुटतो. पुढे गिरणीवाला, कारखानदार, दुकानदार व उपाहारगृहवाला हे चौघे त्याच गव्हावर आपापला नफा चढवितात, आणि ज्याने तो पिकविला तो पुढल्या हंगामाच्या बियाण्याची विवंचना करीत बसतो. या मासिकातून बियाणे, खते, रोगराई व बाजारभाव यांविषयी पुष्कळ लिहिले जाते व ते योग्यच आहे. आज मात्र आम्ही वाचकांचे लक्ष शेतकऱ्याच्या घरातील अशा एका जागेकडे वेधू इच्छितो की, जिचा शेतकीच्या चर्चेत सहसा उल्लेखही होत नाही. ती जागा म्हणजे स्वयंपाकघर.

इटली देशात शेतकऱ्यांच्या घरी प्रवासी लोक शुल्क भरून जातात, कमरेस फडके बांधून पाटापुढे उभे राहतात, त्या घरच्या बाईकडून कणीक तिंबावयास व वळावयास शिकतात, आणि जे स्वतःच्या हाताने केले ते तेथेच बसून जेवतात. हा उद्योग तेथे गेल्या काही दशकांत चांगला रुजला आहे. आमचे मत असे की, अंजनगाव सुर्जीसारख्या वऱ्हाडातील गावांच्या शेतकऱ्यांनी तो अवश्य विचारात घ्यावा. मात्र त्यास एक अट आहे, व ती आम्ही आरंभीच सांगून टाकतो. विद्या जिच्या हातची, मिळकतही तिच्याच नावची असली पाहिजे. ही अट पाळावयाची नसेल तर हा उद्योग न केलेलाच बरा.

मराठी शेतकऱ्याची इटलीशी पहिली मोठी ओळख झाली ती युद्धाच्या निमित्ताने. १९४३ ते १९४५ या काळात मराठा पलटणींतील आपल्या खेड्यापाड्यांची मुले त्या देशाच्या डोंगरदऱ्यांत लढली. तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातील पळसगावचे नाईक यशवंत घाडगे हे १० जुलै १९४४ रोजी टायबर नदीच्या वरच्या खोऱ्यात पडले व त्यांस मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्याच भागातील मोंतोने या गावी जुलै २०२३ मध्ये त्यांच्या स्मरणार्थ एक सूर्यघटिका उभारण्यात आली. आज त्याच खोऱ्यात आपल्याकडील लोक प्रवासी म्हणून जातात. पूर्वी प्रवासी देवळे, राजवाडे व पुतळे पाहून परत फिरत. हल्ली पुष्कळांस केवळ पाहण्याने समाधान होत नाही. त्या मुलखातील माणसे कशी राहतात, काय पिकवितात, काय रांधतात, हे स्वतः करून पाहावे अशी इच्छा त्यांस होते, आणि त्यासाठी ते पदरचे पैसे आनंदाने मोजतात.

इटलीच्या शेतकऱ्यास ही गोष्ट सहज सुचली असे कोणी समजू नये. दुसऱ्या महायुद्धानंतर त्या देशातील डोंगराळ भागांतून माणसांचा मोठा लोंढा मिलान, तुरीन अशा कारखान्यांच्या शहरांकडे गेला. घरे ओस पडली, द्राक्षांचे मळे माजले, वडिलांची शेती मुले करीनात. ही स्थिती आपल्यास अपरिचित नाही. त्यावर उपाय म्हणून १९६५ साली तेथे शेतीपर्यटनाचा पुरस्कार करणारी एक संस्था निघाली, आणि ५ डिसेंबर १९८५ रोजी त्या देशाने या विषयाचा स्वतंत्र कायदा केला. पुढे २० फेब्रुवारी २००६ रोजी नवा कायदा होऊन जुना रद्द झाला, परंतु मूळ तत्त्व कायम राहिले. ते तत्त्व असे की, पाहुणे ठेवण्याचा अधिकार शेती करणाऱ्यासच आहे, आणि शेती हा मुख्य धंदा राहून पाहुणचार हा तिचा जोडधंदा राहिला पाहिजे. पाहुण्याच्या पानात जे वाढावयाचे ते मुख्यत्वे स्वतःच्या शेतातले व आसपासच्या शेतांतले असावे, असाही दंडक आहे. शहरातील भांडवलवाल्याने खेड्यात जागा घेऊन, गोठ्याचे चित्र टांगून, बाजारचे अन्न वाढावे यास तेथे त्या नावाखाली मुभा नाही. आज अशी पंचवीस हजारांहून अधिक शेतघरे त्या देशात आहेत, आणि त्यांपैकी सुमारे एक तृतीयांश स्त्रिया चालवितात. या शेवटच्या गोष्टीकडे आपण पुन्हा वळणार आहोत.

गतवर्षी, सेवानिवृत्तीनंतर, आमची कन्या व जामात युरोपात नोकरीस असल्याच्या योगाने आम्हांस व आमच्या सौभाग्यवतींस दक्षिण इटलीतील पुलिया प्रांती जाण्याचा प्रसंग आला. त्या प्रांताच्या मुख्य शहराचे नाव बारी, हे ऐकून आमच्या गावच्या पानमळेवाल्या बारी बंधूंस गंमत वाटेल. शहराबाहेरच्या एका शेतकरी कुटुंबात आम्ही एक सकाळ शिकावयास गेलो. बरोबर जर्मन व इंग्रज मिळून आणखी सहा जण होते. शिकविणाऱ्या आजीबाई सत्तरीच्या घरात असाव्यात. त्यांस इटालियनखेरीज अन्य भाषा येत नव्हती. त्यांची सून काही शब्द इंग्रजीत सांगे व आमची कन्या आम्हांस मराठीत. तथापि, भाषेचे फारसे काम पडले नाही.

आम्हांस शिकविलेला पदार्थ म्हणजे ओरेक्येत्ते. या शब्दाचा अर्थ ‘छोटे कान’ असा आहे. लाकडी पाटावर कठीण गव्हाच्या बारीक रव्याचा ढीग करून मधोमध आळे करावयाचे, त्यात कोमट पाणी थोडथोडे घालून बोटांनी कडा ओढीत यावयाचे, आणि गोळा झाला की तळहाताच्या टाचेने दहा ते पंधरा मिनिटे रेटून मळावयाचे. मग अर्धा तास तो फडक्याखाली झाकून ठेवावयाचा. नंतर बोटाएवढ्या जाडीच्या वळ्या करून नखाएवढे तुकडे कापावयाचे. प्रत्येक तुकडा बोथट सुरीने पाटावर आपल्याकडे ओढला की तो आपोआप वळतो, व तोच अंगठ्यावर उलटा केला की कानाची पाळी तयार होते. हे सांगावयास सोपे, पण पाटाचा खरखरीतपणा, सुरीचा कल व बोटाचा दाब ही तिन्ही जुळून येण्यास सराव लागतो. आमच्यासारख्या जन्मभर दौत व दप्तर सांभाळलेल्या माणसासही त्या आजीबाईंनी बाजूस बसू दिले नाही. पुरुष आहे, वयस्क आहे, ही सबब त्यांच्यापाशी नव्हती. जो आला त्याने मळावयाचे, असा त्यांचा नियम होता.

उत्तर इटलीत, विशेषतः बोलोन्याकडे, हीच कणीक शंभर ग्रॅम पिठास एक अंडे या प्रमाणात भिजवितात व मोठ्या लाटण्याने पातळ लाटतात. दक्षिणेकडे मात्र केवळ रवा व पाणी, त्यामुळे आमच्यासारख्या शाकाहारी माणसास अडचण पडली नाही. कानांवर घातलेली भाजीही त्यांच्याच वावरातली, मोहरीच्या जातीची, लसूण, लाल मिरची व ऑलिव्हचे तेल घालून केलेली होती.

ओरेक्येत्ते झाल्यावर आजीबाईंनी दाभणासारखी एक लोखंडी काडी काढली. कणकेची वळी तिच्याभोवती लोळवून काडी हळूच ओढून घेतली, तेव्हा आतून पोकळ अशी नळी राहिली. त्या देशाच्या दक्षिण भागात ही नळी अशीच करतात. सिसिली बेटात त्याच तऱ्हेचा पीळदार प्रकार आहे. त्याचे बुझियाते हे नाव एका गवताच्या काडीवरून पडले, कारण लोखंड हाती येण्यापूर्वी कणीक त्या काडीलाच गुंडाळीत. ती काडी पाहताच आमच्या सौभाग्यवती हसू लागल्या. “हे तर आपले सरगुंडे,” असे म्हणून त्यांनी काडी हाती घेतली, वळी बारीक केली, आणि विटी गुंडाळावी तशी सरसर गुंडाळून पाटावर चार सरगुंडे मांडले. आजीबाईंनी ते उचलून उजेडाकडे धरले, सुनेस बोलावले, आणि पुन्हा करून दाखवा अशी खूण केली. उरलेला अर्धा तास शिकविणारीच शिकत होती.

त्या सकाळचे जे शुल्क आम्ही माणशी भरले ते आमच्या गावच्या मजुराच्या कित्येक दिवसांच्या मजुरीइतके होते. त्यात धान्याची किंमत किती? माणशी शंभर ग्रॅम रवा धरला तर आठ जणांस एक किलोही लागत नाही. बाकीचे सर्व मोल आजीबाईंच्या हाताचे, त्यांच्या घराचे व त्यांच्या वावराचे होते. हा हिशेब प्रत्येक शेतकऱ्याने मनाशी करून पाहावा. गव्हाचा एक क्विंटल विकून जे मिळते त्याच्याशी त्या एक किलो रव्याची तुलना केली म्हणजे कोणती वस्तू आपण आजवर फुकट टाकीत आलो ते ध्यानात येईल.

आता त्या गव्हाविषयी दोन शब्द. इटलीत १९६७ सालच्या कायद्यापासून चालत आलेल्या नियमाप्रमाणे वाळवून विकावयाचा पास्ता हा डुरम नावाच्या कठीण गव्हाच्या रव्याचाच असला पाहिजे. या गव्हाचा दाणा अंबरासारखा पिवळसर, टणक व काचेप्रमाणे तुटणारा असतो. त्याची कणीक पावासारखी फुगत नाही, परंतु वळलेला आकार सोडीत नाही, आणि उकळत्या पाण्यात विरघळून जात नाही. हा गहू आपल्यास नवा नाही. आपण ज्यास बन्सी म्हणतो तो याच जातकुळीतला. वऱ्हाडच्या काळ्या जमिनीत, मुरलेल्या ओलीवर, पाटाचे पाणी न देता तो पिढ्यान्‌पिढ्या होत आला, आणि शेवया, सरगुंडे व कुरडया यांसाठी आपल्या आज्या-पणज्या तोच मागून घेत. पुढे पाण्याची सोय झाली, लोक-१ सारखे अधिक उतारा देणारे वाण आले, आणि कमी उताऱ्याचा बन्सी मागे पडला. शेतकऱ्याने उतारा पाहिला यात त्याचा दोष नाही, कारण बाजारात त्यास शेवईचा भाव कोणी देतच नव्हते. परंतु एन-५९ हा कोरडवाहूचा वाण, निफाडचा पंचवटी, आणि पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेचा एमएसीएस ४०२८ हे डुरम जातीचे वाण आपल्याच राज्यात निपजलेले आहेत. घरच्या स्वयंपाकघरात ज्या गव्हाला मोल मिळेल तो वावरात पुन्हा उभा राहील. स्वयंपाकघर हे शेतीचेच अंग आहे असे आम्ही म्हणतो ते याच अर्थाने.

आपल्याकडे शिकविण्याजोगे काय आहे, असा प्रश्न कोणी करील. सरगुंड्यांचा उल्लेख वर आलाच आहे. चैत्र-वैशाखात अंगणात बाज टाकून, तिच्यावर पांढरे धोतर अंथरून, शेजारच्या चार बाया मिळून सरगुंडे व हातशेवया करीत, आणि आंब्याच्या रसाबरोबर ते ताटात पडत. हिवाळ्यात वावरातली वांगी तोडून आणावी, गोवऱ्यांचा आर करावा, त्यात रोडगे भाजावे व तुपात कुस्करून वरणाबरोबर खावे. पळसाच्या पानांत लपेटून भाजलेले पानगे आहेत. यांतील प्रत्येक पदार्थ हाताने करावयाचा, विस्तवाशी व ऋतूशी बांधलेला, आणि परक्या माणसास एका सकाळीत शिकण्याजोगा आहे. भोजनोत्तर अंजनगावच्या नागवेलीचे पान पाहुण्याच्या हाती पडावे, आणि ज्या मळ्यात ते खुडले तो मळा व त्याच्या जोडीची पानपिंपळी त्यास दाखवावी, इतके वैभव इटलीच्या शेतकऱ्यापाशीही नाही.

पण हे वैभव किती दिवस राहणार? ज्यांच्या बोटांत सरगुंड्याचा पीळ आहे त्या बाया आता साठीच्या पुढे गेल्या. त्यांच्या सुना नोकरीस किंवा शिक्षणास शहरी गेल्या, नाती शेवयांचे पुडे दुकानातून आणतात. ही विद्या कोणत्याही पुस्तकात पुरतेपणी लिहिलेली नाही, आणि लिहिली तरी ती हातात येणार नाही. कणीक किती घट्ट, हे डोळ्यांनी कळत नाही, बोटाने कळते. महसुली दप्तरातील जुनी नोंद वाळवीने खाल्ली तर तिची नक्कल कोठे तरी दुसरीकडे सापडते. या नोंदीस मात्र नक्कल नाही. म्हातारी गेली की ती गेली. इटलीच्या लोकांनी ही गोष्ट वेळेवर ओळखली. बोलोन्या येथे २००४ साली घरगुती रांधणाऱ्या स्त्रियांचे एक मंडळ या हेतूने निघाले, आणि डिसेंबर २०२५ मध्ये दिल्लीच्या लाल किल्ल्यात भरलेल्या युनेस्कोच्या समितीच्या बैठकीत इटलीच्या समग्र पाकपरंपरेस मानवजातीच्या वारशाच्या यादीत स्थान मिळाले. त्याच बैठकीत आपल्या दीपावलीसही तो मान मिळाला. दीपावली आपण विसरणार नाही. सरगुंडे मात्र विसरत चाललो आहोत.

आपल्या राज्यात या कामास अगदी आरंभ करावयाचा आहे असेही नाही. श्री. पांडुरंग तावरे यांनी बारामतीकडे या शतकाच्या आरंभी शेतीपर्यटनाचा उद्योग चालू करून पुष्कळ शेतकऱ्यांस त्या वाटेस लावले. महाराष्ट्र शासनाने २०२० साली कृषी पर्यटनाचे धोरण जाहीर केले असून, त्याअन्वये शेतकऱ्यास पर्यटन संचालनालयाकडे आपल्या केंद्राची नोंदणी करता येते. पाहुण्यास अन्न द्यावयाचे तर २००६ च्या अन्न सुरक्षा कायद्याखालीही नोंद करून घ्यावी लागते. ही कामे कटकटीची वाटली तरी ज्यांनी सातबाऱ्याचे फेरफार केले आहेत त्यांस ती अवघड नाहीत. जागेचा विचार केला तर अंजनगाव सुर्जी हे अकोट व परतवाडा यांच्या दरम्यान रस्त्यावरच आहे. चिखलदऱ्यास व मेळघाटात जाणारे, नरनाळा किल्ला पाहणारे कितीतरी प्रवासी आपल्या वेशीवरून जातात व चहा पिऊन पुढे निघतात. ३० डिसेंबर १८०३ रोजी दौलतराव शिंदे व इंग्रज यांच्यात ज्या गावी तह झाला ते गाव हेच, हे देखील त्यांस कोणी सांगत नाही. त्यांनी येथे अर्धा दिवस थांबावे असे काही कारण आपण आजवर ठेवलेले नाही.

आता आक्षेपांकडे वळू. पहिला आक्षेप असा की, अतिथीस अन्न घालून पैसे घेणे हे आपल्या रीतीस सोडून आहे. हा आक्षेप घेणाऱ्यांच्या सद्‌भावनेविषयी आम्हांस आदर आहे. परंतु येथे अन्नाचा विक्रय नसून विद्येचे दान आहे, आणि गुरूस दक्षिणा देणे ही आपली जुनीच रीत होय. दारी आलेल्या भुकेल्यास भाकरी द्यावीच व तिचा पैसा घेऊ नये. शिकावयास म्हणून ठरवून आलेला मात्र शिष्य आहे.

दुसरा आक्षेप असा की, वैशाखाच्या उन्हात वऱ्हाडात कोण येणार? यास उत्तर इतकेच की, सर्व दिवस सारखे नसतात. आंबिया बहाराची संत्री ऑक्टोबरपासून डिसेंबरपर्यंत उतरतात, मृगाची फेब्रुवारीच्या सुमारास. वांगी, हरभरा, ताजी तूर हिवाळ्यात असते. रोडग्यांचा हंगाम तोच. सरगुंडे वाळवावयाचे ते उन्हाळ्यात, पण ताजे करून वाफवून खावयाचे ते केव्हाही. मुंबई-पुण्याचा माणूस हिवाळ्यात आला तर त्यास आपली हवा मानवेल.

तिसरा आक्षेप सर्वांत वजनदार आहे. अगोदरच शेतकऱ्याच्या घरची बाई पहाटेपासून रात्रीपर्यंत राबते, तिच्या माथी आणखी आठ पाहुणे कशाला, असे पुष्कळ भगिनी विचारतील व त्यांचे म्हणणे खरे आहे. आम्ही महसूल खात्यात कारकुनी केली, सातबाऱ्याचे हजारो उतारे आमच्या हाताखालून गेले. भोगवटादाराच्या रकान्यात बाईचे नाव बहुधा ती विधवा झाल्यावर, वारस म्हणूनच येई. निंदण, वेचणी, गोठा व चूल तिची, उतारा मात्र दुसऱ्याच्या नावचा. कृषी पर्यटनाची नोंदणीही जमिनीच्या कागदावरच होत असल्याने, शिकविणारी बाई आणि पैसे घेणारा कोणी दुसरा, असा प्रकार येथेही घडेल. पाहुणे आले की पुरुष ओसरीवर बसून गप्पा मारतील, चित्रे काढून घेतील, आणि आतून फक्त धूर येईल. असे होणार असेल तर या उद्योगाने बाईच्या कष्टांत भर पडण्याखेरीज काहीच साधणार नाही.

म्हणून आमची अट. नोंदणीत धन्याबरोबर घरधनिणीचे नाव असावे. शुल्काची रक्कम तिच्या स्वतःच्या बँकेच्या खात्यात जमा व्हावी. कोणत्या दिवशी पाहुणे घ्यावयाचे व कोणत्या दिवशी नाही, हे तिने ठरवावे. पाणी भरणे, सरपण आणणे, भांडी घासणे ही कामे त्या दिवशी घरातील पुरुषांनी करावी, किंवा मजुरी देऊन करवून घ्यावी. आणि पुरुषांनी स्वतः कणीक मळावयास शिकावे हेही आम्ही आग्रहाने सांगतो. ज्या घरचा पुरुष पाटास हात लावीत नाही त्या घरी परक्या पुरुषास शिकविण्याची गोष्ट शोभत नाही. यात कमीपणा मानणाऱ्यांनी यात्रेत रोडगे भाजणारे हात कोणाचे असतात ते आठवावे.

आणखी दोन पथ्ये सांगितली पाहिजेत. पहिले असे की, खोटेपणा करू नये. बारी शहराच्या जुन्या भागात एका गल्लीत बाया दारात बसून ओरेक्येत्ते वळतात व प्रवासी ते विकत घेतात. हा देखावा जगप्रसिद्ध झाला. परंतु पुढे कारखान्यातला माल हातचा म्हणून विकला जातो अशी तक्रार निघून चौकशीची वेळ आली, व प्रामाणिकपणे वळणाऱ्या बायांच्या नावासही त्याचा उपसर्ग पोहोचला. दुकानातला शेवयांचा पुडा फोडून पाटावर पसरणारा एक निघाला तर गावच्या दहा घरांचे नाव जाईल. दुसरे पथ्य त्याहून नाजूक आहे. शिकावयास येणारा चुलीपाशी येणार, पिठात हात घालणार, पाण्याच्या भांड्यास शिवणार. तो कोणत्या जातीचा, कोणत्या धर्माचा, हे विचारण्याची ज्यास आवश्यकता वाटते त्याने हा उद्योग आरंभूच नये. तसेच शिकविणाऱ्या बायांच्या निवडीतही जात पाहू नये. आपल्या गावांत उत्तम हात ज्या घरांत आहेत त्यांपैकी पुष्कळांच्या नावे जमीन नाही. अशा बाईस जमीनदार घराने केवळ मजुरीवर बोलावू नये, तर मिळकतीचा ठरीव वाटा द्यावा.

आता प्रत्यक्ष काय करावे? आमच्या सूचना थोडक्या आहेत. आपल्या संस्थेने यंदा ज्यांची इच्छा असेल अशी चार-पाच घरे निवडावी. जास्त नकोत. त्या घरांतील व गावांतील वडीलधाऱ्या बायांकडून प्रथम आपल्याच लेकी-सुनांनी व मुलांनी हे पदार्थ शिकून घ्यावे, म्हणजे पाहुणा एकही न आला तरी विद्या राहील. रब्बीच्या तोंडी, ऑक्टोबरच्या उत्तरार्धापूर्वी, संस्थेने बन्सी जातीचे शुद्ध बियाणे मिळवून त्या शेतकऱ्यांस अर्ध्या-अर्ध्या एकराच्या पेऱ्यापुरते द्यावे, व याबाबत अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाचा सल्ला घ्यावा. पुढील हिवाळ्यात एका वेळी आठांहून अधिक पाहुणे न घेता, वावर, पानमळा, पाट व पंगत असा अर्ध्या दिवसाचा क्रम ठेवावा. शुल्क सर्व घरांचे सारखे असावे, म्हणजे शेजाऱ्या-शेजाऱ्यांत चढाओढ लागून भाव पडणार नाही. हिशेबाची एकच वही संस्थेत असावी व ती कोणासही पाहता यावी. त्या वहीच्या कामास लागणारी कारकुनी आम्ही विनावेतन करण्यास तयार आहोत.

हा उद्योग कर्ज फेडील, अतिवृष्टी थांबवील किंवा कापसास भाव आणील, असे आम्ही म्हणत नाही. वर्षाकाठी काही घरांस थोडी रोकड, बन्सीच्या काही एकरांस कारण, आणि साठी ओलांडलेल्या काही बायांस आपल्या हाताची किंमत जिवंतपणी कळणे, एवढेच फळ आम्हांस दिसते, आणि तेवढे पुरेसे आहे असे आमचे मत आहे. ज्या वाचकांच्या घरी सरगुंडे करणारी आई, मावशी, काकू किंवा आत्या अद्याप आहे त्यांनी तिचे नाव व गाव संस्थेस लवकर कळवावे. त्यापूर्वी तिच्याजवळ बसून तिची संमती घ्यावी, म्हणजे झाले.